सिलॅबस वाटण्याआधी एनव्हीडीएवर ऐकून बघा

कॉलेजचा सिलॅबस लिहिणाऱ्या प्रत्येकाच्या कॉम्प्युटरवर एनव्हीडीए असायला हवा, असं माझं ठाम मत आहे. हा विंडोजवर चालणारा मोफत स्क्रीन रीडर, म्हणजे स्क्रीनवरचा मजकूर दृष्टिहीनांना मोठ्याने वाचून दाखवणारा प्रोग्रॅम. मायकल करन या दृष्टिहीन ऑस्ट्रेलियन प्रोग्रॅमरने २००६ मध्ये तो लिहायला घेतला. मी डोळस आहे, पण विभागातले सिलॅबस तपासायचं काम माझ्याकडे असल्याने तो रोज वापरते.

वर्ड फाइल उघडायची, इन्सर्ट आणि स्पेस दाबून ब्राउझ मोडमध्ये जायचं आणि एच दाबत राहायचं. हेडिंग स्टाइल लावलेल्या असतील तर ‘मूल्यमापन’, ‘हजेरी’, ‘संदर्भग्रंथ’ अशी शीर्षकं पटापट ऐकू येतात. नुसता फाँट मोठा आणि ठळक केलेला असेल, तर एनव्हीडीएच्या लेखी ते शीर्षकच नाही. मग सबमिशनची तारीख शोधायला दृष्टिहीन विद्यार्थ्याने पहिल्या ओळीपासून सगळं ऐकत बसायचं! ‘लाल रंगातल्या तारखा पक्क्या आहेत’ या वाक्यालाही काही अर्थ उरत नाही, कारण मूळ सेटिंगमध्ये रंग वाचला जात नाही.

खरी कसोटी गुणांच्या तक्त्याची. चौकटी एकमेकींत जोडलेल्या असल्या की कुठला आकडा कशाचा, ते ऐकून कळत नाही. अशा वेळी मी तक्त्याखाली साधं वाक्य घालायला लावते: ‘दोन निबंध, प्रत्येकी १५ गुण, सादरीकरण २०, लेखी परीक्षा ५०.’ डिस्लेक्सिया असलेल्यांना आणि मोबाइलवर सिलॅबस बघणाऱ्यांनाही हेच वाक्य सोयीचं पडतं.

एनव्हीडीएसोबत येणारा ईस्पीक या वाचक प्रणालीचा आवाज यांत्रिक आहे, सवय होईपर्यंत वेग कमी ठेवा. मराठीही वाचतो, ही मोठी सोय.

मात्र मजकुरात माया आहे का, हे तो सांगणार नाही. ‘मुदतवाढ मिळणार नाही’ हे तो स्वच्छ वाचून दाखवेल आणि पुढे जाईल. शिकलेलं दाखवायला परीक्षेखेरीज दुसरी वाट ठेवली आहे का, हे तपासायला मी ‘कास्ट’ संस्थेची यूडीएल (सगळ्या प्रकारच्या विद्यार्थ्यांना शिकता येईल अशी अध्यापनाची आखणी) मार्गदर्शक तत्त्वं शेजारी उघडते, त्यांची ३.० आवृत्ती २०२४ मध्ये आली. आणि सवलत हवी असेल तर कोणाला, कधी, कसं भेटायचं हे पहिल्याच पानावर आहे ना, ते माझ्या डोळ्यांनी बघते.