गेम मोड की आफ्टरबर्नर?

घरच्या कॉम्प्युटरवर गेम अडखळतो, आणि ॲडमिनचा पासवर्ड बाबांकडे. अशा वेळी पहिला पर्याय विंडोजमधलाच गेम मोड. २०१७ मध्ये विंडोज १० च्या एका अपडेटसोबत तो आला. काही इन्स्टॉल करायचं नाही, पासवर्डही लागत नाही. सेटिंग्जमध्ये गेमिंग उघडून बटण चालू केलं की झालं. खेळताना विंडोज अपडेटला तो ड्रायव्हर (हार्डवेअर चालवणारा छोटा प्रोग्रॅम) बसवू देत नाही, रीस्टार्टच्या सूचनाही थांबवतो. फ्रेम रेट (सेकंदाला दिसणारी चित्रं) मात्र दुप्पट वगैरे होत नाही, उगाच आशा नको.

दुसरा पर्याय एमएसआय आफ्टरबर्नर, हा वेगळा इन्स्टॉल करायचा प्रोग्रॅम. त्याचं काम वेगळं. ग्राफिक्स कार्डचा क्लॉक (म्हणजे चालण्याचा वेग), पंख्याचा वेग, वीजमर्यादा यांना तो थेट हात घालतो. त्यासाठी सिस्टिमच्या गाभ्यात चालणारा ड्रायव्हर लागतो, म्हणून परवानगीची खिडकी येते. ॲडमिन खात्यावर नुसतं ‘होय’ पुरतं, साध्या खात्यावर ॲडमिनचा पासवर्ड हवाच. एवढी मोकळीक द्यायची तर फाइल अधिकृत साइटवरूनच घ्यावी. याच्या नावाच्या बनावट साइटींवरून मालवेअर पसरलेलं आहे.

माझं मत? आधी गेम मोड. कार्ड तापून मंदावत असेल, तरच बाबांना मस्का लावा.