काजळी: कल्पित जगातल्या दुसऱ्या चंद्राचा अकरा महिन्यांच्या वापरानंतरचा अनुभव

आमच्या टेबलटॉप रोल-प्लेइंग कॅम्पेनसाठी, म्हणजे टेबलाभोवती बसून पात्रांच्या भूमिका घेत अनेक बैठकांत खेळल्या जाणाऱ्या एका लांब कथेसाठी, मी जे जग रचले, त्याची पृथ्वी आपल्यासारखीच आहे आणि पहिला चंद्रही आपलाच, ३,८४,४०० किलोमीटर अंतरावरून फिरणारा. त्याच्या निम्म्या अंतरावरून मात्र आणखी एक चंद्र फिरतो; व्यासाने पहिल्याच्या एक तृतीयांश, रंगाने कोळशासारखा. त्याचे नाव काजळी. या जगातली मंत्रविद्या चंद्रप्रकाशावर चालते, आणि काजळी चंद्रबिंबावरून सरकत असते त्या साधारण तासाभरात, जिथून हा ग्रास दिसतो तिथले सगळे मंत्र निकामी होतात. गेम मास्टर, म्हणजे खेळाची कथा चालवणारा, म्हणून अकरा महिने आणि चाळीसहून अधिक बैठका मी हा गोल कथेत वापरला आहे, आणि असे काही स्वतःच्या जगात आणू पाहणाऱ्यांना उपयोग व्हावा म्हणून हा अनुभव सविस्तर लिहीत आहे.

पहिल्या आराखड्यात काजळी चंद्राएवढीच मोठी होती, कारण आकाशात ती भव्य दिसावी असे मला वाटत होते. पण भरती घडवणारे बल अंतराच्या घनाच्या व्यस्त प्रमाणात बदलते. अंतर निम्मे झाले की तेवढ्याच वस्तुमानाचा चंद्र आठपट भरती आणतो. म्हणजे मी नकाशावर प्रेमाने काढलेली सगळी बंदरे दिवसातून दोनदा पाण्याखाली गेली असती. व्यास एक तृतीयांश केल्यावर, घनता तीच धरली तर, वस्तुमान सत्ताविसाव्या हिश्शावर येते आणि भरतीचा वाटा पहिल्या चंद्राच्या सुमारे तीस टक्के उरतो. सूर्याचा वाटा पहिल्या चंद्राच्या साधारण शेहेचाळीस टक्के असतो, हे लक्षात घेतले तर तीस टक्के ही कथेला पेलणारी गोष्ट आहे. आकाशात ती आता चंद्राच्या दोन तृतीयांश रुंदीची दिसते आणि तेवढी भव्यता पुरते.

रंगाबाबतही माझा अंदाज चुकला होता. काळा चंद्र रात्री दिसणारच नाही आणि ग्रास अचानक येऊन ठेपेल, अशी माझी कल्पना होती. प्रत्यक्षात आपला चंद्रसुद्धा त्याच्यावर पडणाऱ्या प्रकाशापैकी जेमतेम बारा टक्के परत पाठवतो. तो उजळ दिसतो तो काळ्या आकाशाच्या पार्श्वभूमीमुळे. काजळीने चारच टक्के प्रकाश परतवला असे धरले, तरी पूर्ण उजळलेली काजळी पौर्णिमेच्या चंद्राच्या सुमारे एक सप्तमांश तेजाने चमकेल. लपून येणारी काजळी मला सोडून द्यावी लागली, आणि त्याचे आज समाधान वाटते. येताना दिसणारे संकट खेळाडूंना विचार करायला वेळ देते. आमच्या सर्वांत चांगल्या बैठका ग्रासाच्या आदल्या रात्रीच्या तयारीच्या होत्या.

वापरात सर्वाधिक मोल ठरले ते तिच्या गतीचे. अंतरावरून प्रदक्षिणेचा काळ सांगणाऱ्या केप्लरच्या तिसऱ्या नियमाने काजळीची प्रदक्षिणा सुमारे ९.६६ दिवसांची येते आणि पहिल्या चंद्राला ती दर १४.९४ दिवसांनी गाठते. पौर्णिमेपासून अमावास्येपर्यंतचा काळ १४.७७ दिवसांचा असल्यामुळे भेट एकदा पौर्णिमेला झाली की पुढची अमावास्येच्या आसपास होते, त्यापुढची पुन्हा पौर्णिमेजवळ, आणि दर वेळी ती चार-सव्वाचार तास आणखी उशिरा होते. हा फरक साठत जातो. काही महिन्यांनी भेटी पौर्णिमेपासून दूर, अर्धचंद्राकडे झुकतात आणि साधारण साडेतीन वर्षांनी चक्र पुन्हा मूळ जागी येते. सुरुवातीला मला हा हिशेब केवळ किचकट वाटला. चौथ्या-पाचव्या महिन्यात त्यातून राजकारण उभे राहिले. भेट पौर्णिमेला होते ती वर्षे मांत्रिकांना धोक्याची, कारण त्यांचे सामर्थ्य शिखरावर असतानाच ते जाते. अर्धचंद्राच्या वर्षांत ते निर्धास्त असतात. तह, विवाह, चढाया या सगळ्यांच्या तारखा खेळाडू आता याच चक्रावरून ठरवतात आणि मला त्यासाठी एकही घटना ओढूनताणून आणावी लागत नाही.

भरतीचे चक्र याहून लहान आहे. काजळी पृथ्वीच्या चंद्र असलेल्या बाजूला असो की बरोबर विरुद्ध बाजूला, ती उधाणात भरच घालते, म्हणून सूर्य, चंद्र आणि काजळी या तिघांचे उधाण जास्तीत जास्त जुळण्याचा काळ दर वीस महिन्यांच्या आसपास परत येतो.

सहाव्या महिन्यात माझ्या हातून मोठी चूक झाली. एकमेकांपासून फार दूर असलेल्या दोन शहरांत मी एकाच रात्री, एकाच वेळी ग्रास दाखवला. एका खेळाडूने बैठक थांबवून विचारले की काजळी इतकी जवळ असेल तर ती दोन्हीकडून चंद्रापुढे एकाच जागी कशी दिसेल. त्याचे म्हणणे बरोबर होते. निरीक्षक बदलला की काजळीची चंद्राच्या मानाने जागा दोन्ही बाजूंना जवळजवळ एकेका अंशाने हलू शकते, आणि एक अंश म्हणजे चंद्राची दोन बिंबे. अर्थात ग्रास जगाच्या एका पट्ट्यातच दिसणार. ती बैठक मी रद्द केली, दोन आठवडे मागितले आणि नकाशावर पट्टे आखले. त्यानंतर मंत्र कुठे बंद पडतील हे आधी जाणणारा गणिती राजाइतकाच महत्त्वाचा झाला. माझ्या जगात खगोलवेध घेणाऱ्या माणसाला मान मिळाला तो या चुकीमुळे, आणि मला स्वतःला या विषयातला सर्वांत मोठा आनंदही तिथेच मिळाला.

खऱ्या खगोलशास्त्रानेही कल्पित गोलांना असे काम दिले आहे. बुधाच्या कक्षेतला न जुळणारा बदल समजावण्यासाठी फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ ल व्हेरिए यांनी १८५९ मध्ये सूर्याच्या आणखी जवळचा ग्रह सुचवला, त्याला व्हल्कन म्हटले गेले आणि तो कित्येक वर्षे शोधलाही गेला. १९१५ मध्ये आइन्स्टाइन यांच्या सापेक्षता सिद्धांताने त्याची गरजच संपवली. मला यातून हे दिसते की कल्पित गोलाला एखादा हिशेब जुळवायची जबाबदारी असली तर लोक त्याच्यावर मनापासून विश्वास ठेवतात. केवळ शोभेसाठी टांगलेला तिसरा लाल चंद्र माझ्या आधीच्या एका कॅम्पेनमध्ये होता. दुसऱ्या महिन्यानंतर त्याचा कोणी उल्लेखही केला नाही.

उणिवा आहेत. काजळीचा स्वतःचा महिना, म्हणजे तिच्या एका पौर्णिमेपासून पुढच्या पौर्णिमेपर्यंतचा काळ, ९.९२ दिवसांचा येतो, वर्षात असे ३६.८ महिने बसतात आणि त्यावर मी बेतलेली तीनही पंचांगे खेळाडूंनी नाकारली. आता फक्त भेटींची यादी ठेवतो. काजळी रोज पावणेतीन तासांच्या आसपास उशिरा उगवते, त्यामुळे एखाद्या प्रसंगी ती आकाशात आहे का, हे तोंडी सांगता येत नाही आणि तक्ता जवळ नसेल तर खेळ अडतो. बैठकीआधी अर्धा तास त्यातच जातो. ज्यांना तयारीला एवढा वेळ देता येणार नाही, त्यांनी दोन्ही चंद्र ठेवावेत पण ग्रासाला मंत्रविद्येशी जोडू नये.

कक्षांमधला कल मी दोन अंशांचा ठेवला आहे. त्यामुळे जवळपास निम्म्या भेटींत जगात कुठेतरी ग्रास दिसतो आणि एखाद्या शहराच्या वाट्याला त्यांतले मोजकेच येतात. पाच अंशांवर ते फारच विरळ झाले होते. कथा सध्या सतराव्या महिन्यात आहे. विसाव्यात मोठे उधाण येईल आणि एरवी गाळात रुतणारी जहाजे त्या रात्री खाडीच्या वरच्या टोकापर्यंत नेता येतील, हे खेळाडूंनी माझ्या तक्त्यावरून स्वतः शोधून काढले आहे. गेल्या बैठकीत त्यांनी सात जहाजांचे लाकूड तोडायला घेतले.