एफआरयूएस: महासत्तांच्या राजकारणाचे मूळ कागद, फुकटात

अमेरिकी परराष्ट्र खातं 1861 पासून ‘फॉरेन रिलेशन्स ऑफ द युनायटेड स्टेट्स’ (एफआरयूएस) ही मालिका काढतं; आज हे काम खात्याचं इतिहास कार्यालय करतं. तारा, टिपणं, बैठकांचे वृत्तांत असे सारे मूळ कागद त्यात आहेत. बहुतेक खंड कार्यालयाच्या संकेतस्थळावर वाचता येतात, ई-बुक म्हणून उतरवूनही घेता येतात. पैसे लागत नाहीत, नोंदणीही नाही. महासत्तांच्या स्पर्धेवर गंभीरपणे काम करायचं असेल तर सुरुवात इथूनच करावी.

या मालिकेचा खरा कस तळटीपांत आहे. प्रत्येक कागदाची पहिली तळटीप आधी वाचा. मूळ प्रत कोणत्या संग्रहात आहे, गोपनीयता किती होती, अनेकदा मसुदा कुणी केला, हे तिथे मिळतं. ‘नोडिस’ असा शेरा असेल तर तो कागद मोजक्याच लोकांपुढे गेला होता. म्हणजे त्यातलं मत सगळ्या खात्याचं समजू नये. मजकुरात चौकटी कंसात ‘इतक्या ओळी खुल्या केलेल्या नाहीत’ अशी नोंद दिसते. अलीकडच्या खंडांत पूर्ण दाबलेल्या कागदाचंही शीर्षक आणि पानांची संख्या तारखेच्या क्रमात छापतात. काय झाकलंय याचा माग त्यामुळे लागतो.

शोधताना नवखा माणूस हमखास फसतो. 1950 च्या दशकातल्या खंडांत ‘बीजिंग’ टाकून काही हाती लागत नाही. ‘पेपिंग’ आणि ‘पीकिंग’ दोन्ही टाकावं लागतं. तैवानसाठी ‘फॉर्मोसा’. खंडाच्या सुरुवातीला व्यक्तींची आणि संक्षेपांची यादी असते, ती उघडी ठेवूनच वाचायला बसावं.

दुसरी अडचण विभागणीची. 1971 चं दक्षिण आशियाई संकट निक्सन-फोर्ड मालिकेच्या 11 व्या खंडात आहे, चीनशी झालेली बोलणी 17 व्या खंडात. त्याच वर्षी 9 ते 11 जुलैला अध्यक्ष निक्सन यांचे सुरक्षा सल्लागार किसिंजर पाकिस्तानमार्गे गुपचूप बीजिंगला जाऊन आले. पाकिस्तानबद्दल वॉशिंग्टन एवढं हळवं का होतं, ते एकच खंड वाचून कळत नाही. दोन्ही खंड तारखेनुसार शेजारी लावा, मग संगती लागते.

विश्वासार्हतेचं काय? 1989 मध्ये निघालेल्या इराणच्या खंडात 1953 च्या सत्तापालटातला सीआयएचा हात गाळला होता. इतिहासकारांनी जोरदार आक्षेप घेतले आणि 1991 मध्ये कायदाच झाला: नोंद सखोल, अचूक, भरवशाची हवी आणि 30 वर्षांच्या आत छापली पाहिजे. इराणचा पूरक खंड मात्र 2017 मध्ये आला. मुदतही पाळली जात नाही. रेगन काळाचे खंड अजून पुरे झालेले नाहीत, त्यामुळे 1980 च्या दशकावर प्रबंध घेणाऱ्याने विषय ठरवण्याआधी प्रकाशनस्थितीचं पान बघून घ्यावं.

आणि हे सगळे कागद एकाच बाजूचे आहेत, ही मोठी मर्यादा. क्युबा संकटात 27 ऑक्टोबर 1962 च्या रात्री अध्यक्षांचे भाऊ आणि अ‍ॅटर्नी जनरल रॉबर्ट केनेडी आणि सोव्हिएत राजदूत दोब्रिनिन भेटले. केनेडींचं टिपण या मालिकेत आहे. दोब्रिनिननी मॉस्कोला धाडलेली तार वॉशिंग्टनमधल्या विल्सन सेंटर या संशोधन संस्थेच्या शीतयुद्ध प्रकल्पाने इंग्रजीत आणली. तुर्कस्तानातल्या क्षेपणास्त्रांविषयी दोघांनी काय लिहिलं, हे ओळीला ओळ लावून तपासा.