दावा काढून घेण्याचा अर्ज: कोल्हापुरातल्या कसबा बावड्याच्या न्यायसंकुलाजवळचं एक टायपिंग केंद्र

इथलं काम बघण्यासारखं आहे, कारण ते आधी विचारतात, "नुसता काढून घ्यायचाय, की परत घालायचाय?" हा प्रश्न लाखमोलाचा आहे. 'दावा चालवायचा नाही' एवढीच पुरसिस (न्यायालयात द्यायचं लेखी निवेदन) गेली, की त्याच विषयावर त्याच प्रतिवादीविरुद्ध नवा दावा बंद. शिवाय खर्चही अंगावर येऊ शकतो.

म्हणून इथे पुरसिस नव्हे, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम १(३) खाली अर्ज टाइप होतो. पहिल्या परिच्छेदात नेमका दोष: उदाहरणार्थ, सरकारवर दावा घालण्याआधीची कलम ८० ची नोटीस दिलीच नाही, असा. 'तांत्रिक अडचण' एवढं मोघम लिहिलं की अर्ज हमखास अडतो. पुरावा कच्चा आहे हे कारण तर चालतच नाही. विनंतीत 'त्याच विषयावर नवा दावा दाखल करण्याची मुभा देऊन' हे शब्द ठळक असतात. एकापेक्षा जास्त वादी असतील तर सर्वांच्या सह्या घेतात, हे उत्तम.

उणीव दावा घालण्याच्या कायदेशीर मुदतीबाबत. मुभा मिळाली तरी मुदत जुना दावा घातलाच नव्हता असं धरून मोजली जाते (आदेश २३ नियम २). अधिकारक्षेत्रासारख्या दोषापायी मुभा मिळाली असेल तरच जुन्या दाव्यात गेलेला वेळ वगळणारं मुदत कायद्याचं कलम १४ मदतीला येतं. हे केंद्रात कुणी सांगत नाही, वकिलांनाच विचारा. आणि आदेशाची नक्कल हातात आली की 'मुभा' शब्द आहे का, तिथेच वाचा.

मुभा न घेता काढून घेतलं की त्याच विषयावर परत येता येत नाही, हे तत्त्व उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचमधल्या रिट याचिकांनाही साधारणपणे लागतं (सर्वोच्च न्यायालय, १९८६).