स्वप्नातल्या देशाचा नकाशा: 'अझगार' नऊ महिने वापरल्यावर

गेल्या गणपतीत भाचरं घरी होती. रात्री झोपताना त्यांना सांगायला घेतलेली गोष्ट संपलीच नाही. नीजखंड नावाचा देश आहे, तिथे फक्त झोपेत पोचता येतं. जाग आली की उशीखाली तिथल्या वाटेचा एक तुकडा सापडतो. जेवढं हिंडलात तेवढाच नकाशा तुमचा. दोघांनी आपापले तुकडे एकमेकांवर ठेवले, तर दोघांनीही न पाहिलेली मधली वाट उमटते. चौथ्या रात्री धाकटीने पकडलं, "मावशी, काल देऊळ नदीच्या अलीकडे होतं, आज पलीकडे कसं?" तेव्हा कळलं, आता खरा नकाशा काढायला हवा.

मला चित्रकला येत नाही. शोधताना 'अझगार्स फँटसी मॅप जनरेटर' सापडला. अझगार हे तो बनवणाऱ्याचं टोपणनाव (आमच्याकडे पहिल्या दिवसापासून त्याचं 'अजगर' झालंय). ब्राउझरमध्ये चालतो, फुकट आहे, कोडही सगळ्यांसाठी खुला आहे. पान उघडताच एक अख्खं जग समोर येतं: किनारे, डोंगर, राज्यं, गावं, रस्ते. ते नको असेल तर नवं मागायचं. प्रत्येक जगाला एक बीज-आकडा असतो. तो लिहून ठेवला आणि बाकीची सेटिंग तीच ठेवली, की तेच जग परत मिळतं. मोठ्या पडद्यावरच वापरा. फोनवर बोटाने टेकड्या उचलणं जमत नाही.

आत काय चालतं ते समजायला मला महिना लागला, आणि खरी मजा तिथेच आहे. सगळी जमीन बहुकोनी तुकड्यांची असते. मुळात साधारण 10,000 तुकडे, संगणक दमदार असेल तर आणखी. प्रत्येक तुकड्याला 0 ते 100 मधली उंची, 20 च्या खाली पाणी. वारा कुठून वाहतो ते बाण फिरवून ठरवता येतं. वारा डोंगराला अडला की अलीकडे पाऊस, पलीकडे कोरडं. आपल्याला हे कुणी शिकवायला नको. महाबळेश्वरला वर्षाला 5,000 मिलिमीटरहून जास्त पडतो आणि त्याच सातारा जिल्ह्यात माणदेश टँकरची वाट बघतो. पडलेलं पाणी शेजारच्या सगळ्यांत खालच्या तुकड्यात उतरतं, तिथून पुढच्या, अशी नदी होते. खोलगट जागा असेल तर तळं साचतं. मी नुसते बाण उलटे केले तर माझ्या हिरव्या खोऱ्याचं माळरान झालं. तो संपूर्ण रविवार मी फक्त वारा फिरवत बसले होते.

थोरल्याला हे पटेना. "स्वप्नात नदी डोंगर चढेल ना? मग ही का चढत नाही?" मलाही आधी तसंच वाटायचं. सुरुवातीला मी सगळंच वाकडं केलं होतं, बेटं हवेत, समुद्र वर. मुलं दोन रात्रींत कंटाळली. कुठेही काहीही होऊ शकतं म्हटल्यावर कुठे जायचं हेच त्यांना ठरवता येईना. मग मी खालचा नकाशा जसा पाण्याने घडवला तसाच राहू दिला आणि एकच नियम मोडला: रात्रीच्या तिसऱ्या प्रहरात एक नदी उलटी वाहते. एकच नदी, तीन तास. त्या रात्री दोघं उठून बसली. "म्हणजे तिसऱ्या प्रहरात होडीत बसलं तर डोंगरावर पोचू!" असं धाकटीच ओरडली.

हे कागदावर असं उतरवलं. नकाशा पीएनजीमध्ये उतरवून घेतला आणि कोपऱ्यावरच्या झेरॉक्सवाल्याकडून ए-थ्री छापून आणला. त्यावर बटर पेपरचे चार कागद, चार प्रहरांचे. शिवाय प्रत्येक मुलाचा स्वतःचा कागद, ज्यावर फक्त त्याने पाहिलेलं. दोघांनी कागद एकावर एक ठेवून खिडकीला धरले की मधली वाट दिसते. उशीखालच्या तुकड्यांची जादू याहून जवळून मला दाखवता आली नसती. नावं मी शाईने, देवनागरीत, हाताने लिहिली.

नावांची गोष्ट सांगायलाच हवी. यात नावांचे साचे असतात. आपण यादी दिली की त्या धाटणीची नवी नावं तयार होतात. मी आईच्या माहेरच्या बाजूची शंभरेक गावं रोमन अक्षरांत भरली: आचरा, चिंदर, तोंडवळी, वेतोरे, आरोंदा. त्यातून 'चिंदवळी', 'आरोचरे' अशी गावं निघाली. आईने नकाशा पाहिला आणि "चिंदवळी कुठेशी आली गो?" असं खरोखर विचारलं. यासाठी मी या साधनाला कितीही गुण देईन.

सैन्य, धर्म, राजचिन्हं असलंही बरंच आहे. मला लागलं नाही, ते थर बंद ठेवले.

एक सावधगिरी कळकळीने सांगते. उंची बदलायला गेलात की तो तीन पर्याय विचारतो: सगळं पुसून नव्याने, सगळं राखून, किंवा जमेल तेवढं वाचवून. मी न वाचता पहिला दाबला आणि तीन आठवड्यांची राज्यं आणि नावं गेली. त्या रात्री मला झोप आली नाही. तेव्हापासून काम संपवून उठण्याआधी नकाशाची फाइल तारीख घालून संगणकावर उतरवते. ब्राउझरच्या भरवशावर राहू नका.

ज्यांना दहा मिनिटांत देखणं चित्र हवंय त्यांना हे बहुधा जड जाईल. पर्याय खूप, सगळे इंग्रजीत, आणि कुठे काय लपलंय ते शोधावं लागतं. पण घरात गोष्ट ऐकणारं आणि प्रश्न विचारणारं कुणी असेल, तर जरूर घ्या.

चौथ्या प्रहराचा कागद अजून कोरा आहे. तिथे कोणता नियम मोडायचा ते मुलं ठरवणार आहेत. थोरला म्हणतो सावल्या पुढे चालाव्यात. धाकटीला तळ्यातलं पाणी पोचेल त्याच्या गावचं हवंय, म्हणजे ज्याने प्यायलं त्याला आपल्या घरच्या विहिरीची चव येईल. मी अजून पेन उचललेलं नाही.