रोबोकोड आठ महिने वापरून

रोबोकोड हा प्रोग्रॅमिंगचा खेळ, पण नेहमीचा गेम समजून उघडलात तर पाच मिनिटांत बंद कराल, कारण हातात काहीच नसतं. जावा या प्रोग्रॅमिंग भाषेत आपल्या रणगाड्याचा, म्हणजे रोबोटचा, कोड लिहायचा, बॅटल सुरू करायची आणि गप्प बघत बसायचं. २००१ मध्ये आयबीएमकडून आलेला, पुढे ओपन सोर्स झाला, सो फुकट. दिसतोही तेवढाच जुना, ८०० बाय ६०० चं काळं मैदान आणि त्यात खेळण्यातले वाटावेत असे रणगाडे.

पहिले तीन आठवडे मी सोबत येणाऱ्या वॉल्स नावाच्या सॅम्पल रोबोटचा मार खाल्ला. तो बाबा फक्त भिंतीला धरून फेऱ्या मारतो, तोफ आत रोखलेली, बास. मी आपला दरवेळी ३ च्या पॉवरने हाणतोय, कारण डॅमेज १६! नंतर लक्षात आलं की गोळीचा स्पीड म्हणजे २० मधून पॉवरची तिप्पट वजा, म्हणजे ३ ची गोळी ११ ने रांगते, १ ची १७ ने सुटते आणि समोरचा ८ ने पळतोय, त्यामुळे लांबून मारली की ती पोचेपर्यंत गडी पुढच्या कोपऱ्यात, वर चुकलेल्या गोळीच्या पॉवरएवढी एनर्जी आपल्याच सुरुवातीच्या १०० मधून जाते ते वेगळंच. कोनांचा पण घोळ आहे, इथे शून्य वरच्या दिशेला आणि मोजायचं घड्याळाप्रमाणे, शाळेतलं गणित तसंच घातलं तर रोबोट इमानदारीत रिकाम्या कोपऱ्यावर गोळ्या झाडतो. एक अख्खा रविवार गेला माझा.

खरी मजा पुढे आहे. शत्रूची गोळी रडारला दिसतच नाही! त्याची एनर्जी ०.१ ते ३ ने घसरली की गोळी सुटली असं धरायचं आणि दिशा बदलायची. चार ओळींचा कोड, पण पहिल्यांदा चुकवलेली गोळी बघून मी खुर्चीतून उठलो होतो. मग दुसऱ्या दिवशी रोबोट उगाचच नाचायला लागला. शोधलं तर माझीच ०.५ ची गोळी शत्रूला लागून त्याची २ एनर्जी जात होती आणि आमचा रोबोट समजत होता की शत्रूनेच फायर केलं 😅

तक्रार एकच, माहिती दहा ठिकाणी विखुरलेली. आणि कोड ज्यावर उभा करायचा त्या तयार साच्यांपैकी साध्या रोबोट क्लासमध्ये अडकू नका, तोफ वळेपर्यंत गाडी थांबून राहते, सरळ अ‍ॅडव्हान्स्डरोबोट क्लास घ्या. रोबोरंबल या ऑनलाइन स्पर्धेत २५० बाइटच्या आतल्या कोडचे नॅनो रोबोट असतात, त्यातल्या एकाने माझी पार धूळधाण केली, त्यावर जास्त बोलत नाही.

वॉल्सला आता दहात नऊ राउंड हरवतो. दहावा कसा जातो ते अजून सापडलेलं नाही.