हॅरिएट आर्नोची 'द डॉलमेकर': आठ महिने सोबत राहिल्यावर

आठ महिने झाले ही अमेरिकन कादंबरी घरात येऊन. पहिल्या महिन्यात लिहिलं असतं तर दोन स्टार देऊन मोकळी झाले असते, आज पाचच्या पाच देतेय, म्हणून थोडं सविस्तर.

मी राहते डेट्रॉइटच्या बाहेर, काम गाड्यांच्या पार्ट्सच्या प्लांटमध्ये. तिथे माझ्यासोबत एक बाई आहेत, त्यांची आजी १९४० च्या दशकात केंटकीच्या डोंगरातून इकडे आली, नवऱ्याच्या मागोमाग, चार पोरं घेऊन. एकदा डबा खाताना त्यांनी विचारलं की आर्नो वाचलीयस का? मी नावही ऐकलं नव्हतं. जुन्या पुस्तकांच्या एका विक्रेत्याकडून ऑनलाइन मागवलं, सहाशेच्या आसपास पानं, अक्षर मुंगीएवढं, आणि तिसऱ्या आठवड्यात मधली पानं सुटायला लागली. तुम्ही घेणार असाल तर नवी, मोठ्या टायपातली प्रत बघा, थोडे पैसे जास्त गेले तरी चालतील.

खरी अडचण भाषेची आहे. गोष्ट गर्टी नेव्हल्सची, केंटकीच्या डोंगरात खंडाने शेती करणारी धिप्पाड बाई, हातात कायम चाकू आणि लाकूड. ती आणि तिची माणसं बोलतात ती तिकडची बोली, 'इट'ला 'हिट' म्हणणारी, आणि आर्नोने ती जशीच्या तशी स्पेलिंगमध्ये उतरवलीय. पहिली पन्नास पानं मी अक्षरशः ढकलत होते, दोनदा ठेवून दिलं. मग त्या बाई म्हणाल्या, अगं डोळ्यांनी वाचू नकोस, मोठ्याने वाच. रात्री स्वयंपाकघरात भांडी आवरून झाली की पंधरा-वीस मिनिटं मोठ्याने वाचायचं असं सुरू केलं आणि आठवड्याभरात कान बसला. तेव्हापासून त्याच पद्धतीने वाचतेय, म्हणून आठ महिने लागले. मधे आर्नोचंच 'हंटर्स हॉर्न'ही वाचून झालं, त्याबद्दल खाली लिहिलंय.

सुरुवातीचा प्रसंग मी तीन वेळा वाचलाय. गर्टीचा धाकटा, एमॉस, घसा बंद होऊन गुदमरतोय, ती त्याला खेचरावर घेऊन रस्त्यावर येते, लष्करी अधिकाऱ्याची गाडी आडवी होऊन थांबवते आणि डॉक्टरपर्यंत पोर टिकणार नाही हे कळल्यावर आपल्याच कोरायच्या चाकूने त्याच्या गळ्याला भोक पाडते. मग पॉप्लरची डहाळी घेऊन, ती पोकळ करून, तिची नळी बसवते. गाडीतले शिकलेसवरलेले पुरुष बघत राहतात. पूर्ण पुस्तकभर तुम्ही ह्या बाईचे हात विसरत नाही, आणि म्हणून डेट्रॉइटला तेच हात निरुपयोगी ठरताना बघणं इतकं जड जातं.

तिला एकच हवं असतं, स्वतःची जमीन, टिप्टन प्लेस नावाची. पंधरा वर्षं पै पै करून पैसे साठवलेले, जमीन जवळजवळ हातात आलेली. पण नवरा क्लोव्हिस दुसऱ्या महायुद्धाच्या काळात डेट्रॉइटला कारखान्यात लागतो, आणि गर्टीची आई तिला ऐकवते की बायकोची जागा नवऱ्याजवळ. गर्टी गप्प बसते आणि पोरांना घेऊन ट्रेनमध्ये बसते. इथे मला पुस्तक आपटावंसं वाटलं होतं. एक शब्द बोलली असती तर! पण आर्नो तिला बोलू देत नाही आणि ते का, हे शेवटपर्यंत वाचल्यावर कळतं.

आता त्या शब्दाबद्दल, ज्याच्यासाठी मी हे सगळं लिहायला बसले. ॲडजस्ट. शाळेतली बाई, मिसेस व्हिटल, गर्टीला सांगते की पोरांनी ॲडजस्ट व्हायला हवं. थोरला रूबेन होत नाही, तो सरळ पळून केंटकीला परत जातो. कॅसी, धाकटी मुलगी, तिची कॅली लू नावाची एक काल्पनिक मैत्रीण असते, शेजारपाजारचे हसतात म्हणून गर्टीच तिला सांगते, कॅली लू वगैरे कोणी नाही. मग पोरगी तिच्याशी खेळायला लपून रेल्वेच्या रुळांकडे जाते. पुढे काय होतं ते लिहीत नाही, एवढंच सांगते की वरून विमान जात असतं आणि आईची हाक पोचत नाही. जमिनीसाठी साठवलेले पैसे शेवटी त्या पोरीला पुरण्यात जातात.

आपण मराठी माणसं हा शब्द किती प्रेमाने वापरतो! सुनेचं कौतुक करायचं तर 'खूप ॲडजस्टिंग आहे हो', लोकलच्या सीटवर चौथा माणूस आला तर 'जरा ॲडजस्ट करा'. माझ्या मुलाच्या इथल्या शाळेत पेरेंट मीटिंगला त्याच्या टीचरनी हाच शब्द वापरला, चांगल्याच अर्थाने, आणि मी आधी मान हलवून आले असते. ह्या वेळी मी विचारलं, म्हणजे नक्की काय सोडायचं त्याने? त्या थोड्या गोंधळल्या, पण मग अर्धा तास नीट बोललो आम्ही. हे पुस्तकामुळे झालं, शंभर टक्के.

आर्नोबद्दल थोडं. जन्म १९०८, केंटकीतल्या वेन काउंटीतला, लहानपण बर्नसाइड नावाच्या नदीकाठच्या गावात. एका खोलीच्या डोंगरी शाळेत शिकवलं, सिनसिनाटीला वेट्रेसचं काम केलं, पहिली कादंबरी 'माउंटन पाथ' १९३६ ची. लग्नानंतर नवऱ्यासोबत केंटकीत शेतावर राहून बघितलं आणि मग युद्धाच्या शेवटी-शेवटी डेट्रॉइटच्या सरकारी वसाहतीत आली, म्हणजे गर्टी राहते तसलं जग तिने आतून बघितलेलं. पातळ भिंती, गल्लीतली भांडणं, स्टीलच्या भट्टीचा उजेड, हे असं ऐकीव माहितीवर कुणाला लिहिता येत नाही. 'द डॉलमेकर' १९५४ ला आली, पुढच्या वर्षीच्या नॅशनल बुक अवॉर्डच्या शर्यतीत होती, मिळालं ते अमेरिकन कादंबरीकार विल्यम फॉकनरला. आर्नो नंतर ॲन आर्बरजवळ राहिली आणि १९८६ ला गेली, माझ्या घरापासून पाऊण तासावर, आणि मला पत्ताच नाही.

'हंटर्स हॉर्न' १९४९ ची. नन बॅल्यू नावाचा शेतकरी एका लाल कोल्ह्याच्या मागे इतका वेडा होतो की जनावरं विकून उंची जातीची कुत्री घेतो. शिकारीची वर्णनं मला लांबली वाटली, पण त्याची मुलगी सूझ, तिचं शेवटी जे होतं आणि बाप जे करतो, त्या रात्री झोप लागली नाही. कंबरलँड खोऱ्यातल्या पहिल्या वस्त्यांवरचं 'सीडटाइम ऑन द कंबरलँड' चाळलंय फक्त, ते संदर्भासाठी उत्तम, सलग वाचायला जड.

'डॉलमेकर'वरची जेन फोंडाची १९८४ ची टीव्ही फिल्म आधी बघू नका. काम सुंदर केलंय तिने, पण शेवट गोड केलाय, आणि ह्या गोष्टीचा सगळा जीव शेवटात आहे. पुस्तकभर गर्टीजवळ चेरीच्या लाकडाचा एक मोठा ठोकळा असतो, त्यातून ती एक माणूस कोरत असते, ख्रिस्त की त्याला दगा देणारा शिष्य ज्यूडास हे तिचं तिलाच ठरत नाही, चेहरा काही सापडत नाही. शेवटी विकायच्या बाहुल्यांसाठी लाकूड हवं म्हणून ती स्वतः तो फोडते. आणि तेव्हा म्हणते की चेहरे तर होते की, हवे तेवढे, खाली गल्लीतल्या शेजाऱ्यांपैकी कुणाचाही चालला असता. हे मी मोठ्याने वाचत होते आणि मधेच आवाज गेला, नवरा बाहेरून विचारायला आला काय झालं म्हणून.

जूनमध्ये आम्ही आय-७५ हायवेने खाली बर्नसाइडला गेलो होतो. धरणामुळे जुन्या गावाचा खालचा भाग १९५० च्या सुमारास तलावात गेला, आता तिथे हाउसबोटी फिरतात. आर्नोने त्या गावावर 'ओल्ड बर्नसाइड' लिहिलंय, १९७७ चं, तेच आता स्वयंपाकघरात ओट्यावर आहे. माझी 'डॉलमेकर'ची प्रत रबरबँड लावून प्लांटमधल्या बाईंकडे दिलीय, त्यांच्या मुलीला वाचायची आहे. तिला पहिल्याच दिवशी सांगून ठेवलंय, मोठ्याने वाच.